क्रशर शेडच्या दारात उभी असलेली मी

आधीच सांगून टाकते... भूत, संकेत, कुणाची तरी हाक, यातलं मी काहीही मानत नाही. अजूनही नाही. गणपतीत मांडवापुढं तळहातावर कापूर पेटवून 'बघा, यात चमत्कार नाही' असं ओरडून सांगणाऱ्या पोरापोरींत मी असायचे. या ग्रुपवरचे अनुभव मी वाचते ते बहुतेक हसायलाच. तर माझ्यावरही ज्यांना हसायचंय त्यांनी खुशाल हसावं. फक्त शेवटपर्यंत वाचा. कारण यात एक माणूस मेलाय, आणि त्याच्या मरणाचा दोष त्याच्याच माथी मारायचं काम व्यवस्थित चालू आहे.

होटगी स्टेशनच्या अलीकडं, रुळाला लागून एक कोळसा डेपो आहे. नाव लिहीत नाही, चौकशी चालू आहे. चंद्रपूरकडून रेल्वेनं दगडी कोळसा येतो, इथं क्रशरमध्ये फोडून बारीक होतो आणि टॉवेल-चादरीच्या डाइंगवाल्यांच्या बॉयलरला ट्रकनं जातो. सोलापूरचा टॉवेल परदेशात जातो म्हणून छाती फुगवणाऱ्यांनी, त्या टॉवेलच्या रंगाचं पाणी कशावर उकळतं आणि ते कुणाच्या छातीत जाऊन बसतं, हेही एकदा बघून यावं.

माझा मोठा भाऊ सोमनाथ तिथं कामाला होता. घरी आला की आधी अंघोळ, मग बाकी सगळं. तरी सकाळी उशी काळी असायचीच. आई म्हणायची, "ह्याच्या उशीच्या अभ्र्यावर अजून एक सैंपाक हुईल."

मी एका छोट्या कामगार संघटनेत आहे. पत्रकं लिहिते, वाटते, गेटवर उभी राहून ओरडते. त्या डेपोसाठी लिहिलेलं माझं पत्रक साधं होतं. कोळशाच्या ढिगाला काडी लावली तर तो पटकन पेटत नाही. पण त्याचीच भुकटी हवेत उडाली, जागा बंद असली आणि तिला ज्योत मिळाली, की स्फोट होतो. पहिला भडका छोटाच असतो. पण त्याच्या हादऱ्यानं छताच्या अँगलवर साठलेली धूळ खाली येते, आणि दुसरा भडका माणूस ठेवत नाही. खाणवाल्यांना हे पिढ्यान्‌पिढ्या माहीत आहे. म्हणून खाणीत पाणी मारतात, चुनखडीची पांढरी भुकटी पसरतात. आमच्या डेपोत यातलं काही नाही, कारण कागदावर ती खाण नाही. कोळसा मात्र खाणीतलाच!

मागणी एकच होती. धुळीवर पाणी मारा.

पत्रक वाटलं त्या दिवसापासून मला गेटबंदी झाली. मुकादम तानाजीमामा गेटवरूनच ओरडायचे, "आली बगा पुढारीन! पोरी, तुजी पत्रकं लई ग्वाड पेटत्यात बॉयलरला."

"मामा, पेटवायची तर शेडच्या बाहेर जाऊन पेटवा, तेवढंच सांगतीय," मी म्हणायचे. सगळे हसायचे. मीही हसायचे.

क्रशर चालवणारा ऑपरेटर म्हणजे मलकण्णामामा. अक्कलकोटच्या पलीकडचे, घरी कानडी, कपाळाला विभूती, माणूस शांत. ते माझ्याकडून नेहमी दोन पत्रकं घ्यायचे. मी विचारलं, दोन कशाला? तर म्हणाले, "येक वाचायला, येक कडक भाकरी गुंडाळायला. तुजं कागद चांगलं असतंय की." त्यांनी ते कधी वाचलं की नाही, मला माहीत नाही.

आता खंडेनवमी. सोलापूरकरांना सांगायला नको. त्या दिवशी यंत्रमाग असो, रिक्षा असो, नाहीतर चपला शिवायचं मशीन असो, सगळं धुऊन-पुसून, झेंडूची माळ घालून पूजेला बसतं. डेपोतही पूजा असायची, पण क्रशरच्या मोटारीवर, पॅनेलवर पाणी कसं मारणार? म्हणून तिथली पद्धत वेगळी. कॉम्प्रेसरची हवेची नळी घ्यायची आणि वर्षभराची धूळ फू करून उडवायची. मशीनवरची, मोटारीवरची, माळ बांधायला वर चढायचं म्हणून अँगलवरचीसुद्धा. मशीन चकाचक दिसतं. धूळ कुठं जाते? थोडी बाहेर, बाकीची मोकळी होऊन परत वरच बसते, जरा हलवलं की पडायच्या तयारीत. इतक्या भक्तीनं कुणी बॉम्ब तयार केला नसेल.

त्या सकाळी मी तिथं नव्हते. गेटबंदीच होती, जाणार कशी? पुढचं सगळं मला नंतर सोमादादाकडून, तानाजीमामांकडून आणि बाकीच्यांकडून कळलं. वेगवेगळं विचारलं, सगळ्यांनी तेच सांगितलं.

मालक पूजेला आले होते, पण पांढरे कपडे म्हणून शेडमध्ये आले नाहीत. बाहेर खुर्ची टाकून बसले. आत क्रशरपुढं ताट मांडलं. वाऱ्यानं निरांजन सारखं विझायला लागलं, तर मालक बाहेरूनच म्हणाले, शटर ओढून घ्या की. मोठं शटर खाली आलं. उघडं राहिलं फक्त बाजूचं लहान दार. आणि तिथली आणखी एक रीत — ओवाळताना मशीन फिरती पाहिजे. तानाजीमामांचा शब्द होता, "बंद मशीनला ओवाळायचं म्हंजे मड्याला ओवाळल्यागत." म्हणून मलकण्णामामांनी बटन दाबलं, रिकामा क्रशर धडधडायला लागला, आणि त्यांनीच आरतीचं ताट हातात घेतलं. दरवर्षी तेच घ्यायचे.

मी तेव्हा नवी पेठेत होते. आईच्या ब्लाउजपीसचा रंग गेला म्हणून दुकानदाराशी भांडत होते. मी हे मुद्दाम सांगतेय, कारण अशा गोष्टींत त्या क्षणी 'छातीत धस्स झालं', 'डोळ्यापुढं अंधारी आली' वगैरे असतं. मला काहीही झालं नाही. दुकानदार म्हणत होता, "ताई, थंड पाण्यात धुवायचं असतंय," आणि मी म्हणत होते, "मग तसं कापडावर लिहा." काउंटरच्या वर कॅमेरा होता. त्यात मी दिसते, निळ्या ड्रेसमध्ये, हात नाचवताना. आवाज नाही त्या रेकॉर्डिंगला, तरी भांडण कळतं.

मग फोन वाजला. सोमादादा.

"वैशे! कुटं हाईस तू? भाईर पडलीस का?"

"कशातनं बाहेर?"

"शेडातनं! आत तर न्हाईस न्हवं? वैशे, बोल की गं!"

"दादा, मी नवी पेठेत आहे."

पलीकडं माणसं ओरडत होती. दादा मात्र अगदी हळू म्हणाला, "गंमत करू नगो."

मी रिक्षानं गेले. शेडचे पत्रे एका बाजूनं उघडे पडले होते, कणसाची पानं सोलावीत तसे. शटर बाहेर फुगून आलं होतं. गेटवर कुणी अडवलं नाही. आवारात डेपोची सगळी माणसं उभी-बसलेली होती, काळी, कपाळावर कुंकू तसंच. मला बघून दादा उठला आणि माझ्या डोक्याला, दंडाला हात लावून बघायला लागला, बाजारात पपई बघतात तसा. तानाजीमामा तर खाली वाकून माझ्या पायाला हात लावायला लागले. मी मागं सरले.

"मामा, काय करताय?"

"पोरी, तू हाक मारलीस म्हणून वाचलो गं. न्हाय तर सगळी आतच व्हतो."

"मी कुठं हाक मारली?"

ते सगळे माझ्याकडं बघत होते आणि मला त्यांचा राग येत होता. मग मी विचारलं, मलकण्णामामा कुठायत? तर दादा म्हणाला, गाडीनं नेलंय.

ते दुपारीच गेले.

मला रडू आलं नाही. सगळ्यांनी विचारलं म्हणून सांगते, अजूनही आलेलं नाही. सिव्हिलच्या पायरीवर बसून मी मनातल्या मनात पत्रक दुरुस्त करत होते. 'स्फोट होऊ शकतो' याच्या जागी 'झाला'. खालच्या 'धुळीवर पाणी मारा' या ओळीचं काय करायचं ते सुचत नव्हतं.

दादानं सांगितलं ते असं. आरती रंगात आली होती, सगळे टाळ्या वाजवत होते. बाजूच्या लहान दारात मी उभी होते. पिवळा ड्रेस, खांद्याला पत्रकांची पिशवी, गेटवर नेहमी असते तशी.

"तू वरडली न्हाईस, बग. तेच लई इचित्र वाटलं," दादा म्हणाला. "येरवी तुजा आवाज स्टेशनपतुर जातुय. त्या दिवशी हळू म्हणलीस, दादा, भाईर ये. मग तानाजीमामाला. मग येकेकाला, नाव घिऊन."

"क्रशर चालू होता ना? टाळ्या चालू होत्या. मग हळू बोललेलं ऐकू कसं आलं?"

"आलं."

"आणि तुम्ही आलात? आरती सोडून?"

"पाय चालाय लागलं. मीबी तेच म्हणतुय की. आयुष्यात तुजं कुणी ऐकलंय का?"

तो हसला. आम्ही दोघंही जरासं हसलो. मग तो म्हणाला, "शेवटाला मी भाईर पडलो. तू मलकण्णाकडं बगत दारातच व्हतीस. मी चार पावलं फुडं आलो आन् भडका झाला. म्हणूनच तुला फोन लावला."

मी सगळी स्पष्टीकरणं करून बघितली. सामूहिक भ्रम? चालेल, पण भ्रम नंतर होतो. ही माणसं भडक्याच्या आधी बाहेर आली होती, मालकांनी स्वतः बघितलंय. धुळकट हवेत दुसरीच कुणी बाई? त्या आवारात बाईमाणूस नव्हतंच, आणि वॉचमन म्हणतो गेटातून कुणी आलं नाही. गुदमरल्यानं भास? एखाद्याला होईल. सगळ्यांना एकच, आणि प्रत्येकाला स्वतःच्या नावानं?

पण खरी गोष्ट इथून पुढं आहे. चौकशी लागली. कामगारांनी जबाब दिले, आणि न घाबरता दिले, हे मला अभिमानानं सांगायचंय. शटर कुणी ओढायला सांगितलं, मशीन का चालू होतं, पाणी कधीच मारलं जात नव्हतं, सगळं. तानाजीमामांनी तर स्वतःची चूकसुद्धा सांगितली. आणि त्याच जबाबांत, त्याच दमात, प्रत्येकानं सांगितलं — वैशाली दारात आली आणि तिनं आम्हाला बाहेर बोलावलं.

मालकांच्या वकिलाला तेवढंच हवं होतं. त्यानं नवी पेठेतलं रेकॉर्डिंग मिळवलं. म्हणाला, ही बाई दुकानात होती, म्हणजे हे सगळे साक्षीदार खोटं बोलतात, मग शटरचं आणि पाण्याचं तरी खरं कशावरून? आणि वर असंही म्हणाला, की समजा कुणी बोलावलं असेलच, तर बाकीचे आले, मलकण्णा आला नाही. म्हणजे त्याचाच हलगर्जीपणा. मशीनचं बटनही त्यानंच दाबलं होतं. मी होते म्हटलं तरी मलकण्णामामा दोषी, नव्हते म्हटलं तरी कामगार खोटे. असा पेच मी कुठल्याच शिबिरात शिकले नव्हते.

मी दादाला म्हणाले, "जबाबातलं ते हाकेचं काढून टाका. अजून वेळ आहे."

"मग काय घालू? आमी भाईर का आलो?"

"धूळ पडायला लागली, भीती वाटली म्हण."

"न्हवती वाटली भीती. आरतीत कुणाला भ्या वाटतंय?" दादा चिडला. "खरं तेच सांगायचं, सही करायच्या आदी वाचून घ्यायचं, हे तूच शिकवलंस न्हवं? आता तूच म्हणतीस खोटं घाल. आन् ज्यानं वाचलो तेच खोडू व्हय?"

संघटनेतले आमचे सर मला उलटंच सांगत होते — तू होतीसच म्हण, कॅमेऱ्याची वेळ चुकलेली असते. मी तेही ऐकलं नाही.

माझा जबाब झाला तेव्हा अधिकारी सौम्यपणे बोलत होते. 

"तुम्ही त्या वेळी शेडच्या दारात होता का?"

"नव्हते."

"मग हे सगळे कामगार खोटं बोलतायत?"

"नाही."

"दोन्ही खरं कसं असेल, मॅडम?"

"ते मला माहीत नाही. शटर का ओढलं ते विचारा. पाणी का मारलं नाही ते विचारा. हवेच्या नळीनं धूळ उडवून तिथंच ज्योत लावायला दिली, ते विचारा."

त्यांनी पेन खाली ठेवलं. "हे तुम्ही बघितलं का? तुम्ही तर तिथं नव्हता."

मी सही केली. वाचून.

बाहेर व्हरांड्यात बाकावर महानंदावैनी बसल्या होत्या, मलकण्णामामांच्या बायको. शेजारी दादा. त्यांना आत बोलावलं नव्हतं, तरी त्या अक्कलकोटहून आल्या होत्या. मी जाऊन त्यांच्याजवळ बसले. त्यांनी माझ्याकडं न बघताच विचारलं, "वकील म्हणतोय, हाक मारली तरी आला न्हाय, म्हणून मेला. खरं हाय का?"

"तो पैसे घेऊन बोलतो, वैनी."

"ते न्हाय विचारलं मी. घरात पोरं विचारत्यात, आप्पा का आलं न्हाईत? सगळी आली की. सगळ्यांस्नी म्हाईत हाय तू हाक मारलीस. त्यास्नी मारलीस तवा ते काय म्हणाले?"

मी तिथं नव्हते, हेच सांगायला तोंड उघडलं. आतमध्ये नुकतीच तशी सही करून आले होते. आणि मी म्हणाले, 

"'बंदे, बंदे' म्हणाले. ताट डाव्या हातात घेतलं आणि उजव्या हातानं मशीनचं बटन बंद केलं. मग निघाले."

मी कानडी कधी शिकले नाही. कानावरून शब्द जातात, जीभ कधी वळत नाही. बोलून झाल्यावर मला कळलं की हे मी बोललेय. तेव्हाही छातीत धस्स वगैरे काही झालं नाही.

महानंदावैनी पहिल्यांदा माझ्याकडं वळल्या. "जेवाय हाक मारली तरी तेच म्हणायचं. बंदे बंदे, आलो आलो. आन् भाकरी गार हुईस्तवर यायचं न्हाईत." त्यांनी पदरानं तोंड पुसलं. "म्हंजे येत व्हते."

"येत होते."

त्या उठल्या, पिशवी घेतली, गाडी चुकेल म्हणाल्या आणि गेल्या. दादा तिथंच बसून होता. तो म्हणाला, "मशीन थांबली व्हती."

"काय?"

"भडक्याच्या आदी क्रशरचा आवाज थांबला व्हता. मी भाईर पडलो आन् एकदम गप झालं. आत्ता तू म्हणलीस तवा ध्यानात आलं. मी हे कुणालाच सांगितलं न्हवतं, वैशे."

इतरांना विचारलं. दोघांना आठवलं, बाकीच्यांना नाही. पॅनेल जळून कोळसा झालंय, त्यातून काही सांगता येत नाही, असं म्हणतात. दादानं पुरवणी जबाब दिलाय. वकील म्हणतो, आता हे नवीन कुणी शिकवलं? चौकशीचा निकाल अजून लागलेला नाही. डेपो पुन्हा सुरू झालाय, दुसऱ्या शेडमध्ये. पाणी अजूनही मारत नाहीत. या वर्षीच्या खंडेनवमीला आम्ही सगळे गेटवर उभे राहणार आहोत, तानाजीमामाही आमच्यात आहेत.

माझ्याकडं याचं स्पष्टीकरण नाही. कुणाकडं असेल तर लिहा, पण 'देवीची कृपा' वगैरे लिहू नका. कृपा असती तर एक माणूस जास्त बाहेर आला असता. दारात कोण उभं होतं, ते मला माहीत नाही. मलकण्णामामांनी बटन बंद केलेलं माझ्या तोंडाला कसं माहीत होतं, तेही माहीत नाही. अधिकाऱ्यांना मी सांगितलं की मी तिथं नव्हते. महानंदावैनींना सांगितलं की ते येत होते. दोन्ही जबाब माझे आहेत, आणि त्यातला एकही मी मागं घेणार नाही.